'मालक असावा तर असा' म्हणण्याआधी: गावोगावच्या लीग आयोजकांना खुले पत्र

प्रति,
गावोगावच्या प्रीमियर लीगचे आयोजक, संघमालक आणि यंदाच्या लिलावात संघ घेऊ पाहणारी सर्व मंडळी

स.न.वि.वि.

हंगाम तोंडावर आला आहे. लिलावासाठी मंगल कार्यालये ठरली, फ्लेक्स छापायला गेले. फ्लेक्सवर नेहमीप्रमाणे मालक मधोमध आणि खेळाडू खालच्या पट्टीत, नावे वाचायला चष्मा लागेल इतके बारीक. ते चालायचेच. पण यंदा आपल्या ग्रुपांवर एक व्हिडिओ फिरतो आहे, त्यावरून हे पत्र लिहायला बसलो.

व्हिडिओ अमेरिकेतल्या एका आइस हॉकी संघाचा आहे. कचऱ्याच्या धंद्यातल्या एका बड्या माणसाने सतरा वर्षांच्या मुलाला अख्खा संघ घेऊन दिला, मुलाने मारामारी करणारे गडी शोधून शोधून भरले आणि गाव वेडे झाले, एवढेच त्यात आहे. खाली आपल्या लोकांचे शेरे: 'मालक असावा तर असा', 'राजा माणूस', 'आपल्या तालुक्याला असा एक पाहिजे'. एका आयोजकाने तर लिलावाच्या आमंत्रणालाच हा व्हिडिओ जोडला आहे.

मी आपल्या लीगांमध्ये गुणलेखन करतो. त्याआधी काही वर्षे नोकरीनिमित्त कनेक्टिकट राज्यात होतो, त्या संघाच्या गावापासून फार लांब नाही. मी गेलो तोवर संघ बुडून बराच काळ लोटला होता, पण त्याचे टी-शर्ट अजून अंगावर दिसत आणि गोष्टी तर कुणीही सांगायला तयार. व्हिडिओत अर्धीच गोष्ट आहे. उरलेली अर्धी पैशांची आहे. ती तुम्ही वाचल्याशिवाय यंदाचा लिलाव होऊ नये असे मला वाटते.

गाव डॅनबरी. न्यूयॉर्कहून उत्तरेला शे-सव्वाशे किलोमीटर. एकेकाळी टोप्या बनवण्यासाठी नावाजलेले. टोप्यांची फर कमावायला पारा वापरत, त्या पाऱ्याने कामगारांचे हात कापत आणि त्या कापण्याला 'डॅनबरी शेक्स' असे नावच पडले होते. कामगार संघटनांच्या बहिष्काराविरुद्धचा १९०८ सालचा अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयातला मोठा निकाल याच गावातल्या टोपीवाल्यांच्या भांडणातून निघाला. पुढे लोकांनी टोप्या घालायच्या सोडल्या आणि कारखाने गेले. १९९९ मध्ये भर गावात बर्फाचे बंदिस्त मैदान उभे राहिले, डॅनबरी आइस अरीना. तीनेक हजार माणसे बसतील एवढे.

जेम्स गलांटे इथला. त्याची ऑटोमेटेड वेस्ट डिस्पोजल ही कंपनी आणि तिच्या बहिणी-भाच्या अशा बऱ्याच कंपन्या पश्चिम कनेक्टिकट आणि शेजारच्या न्यूयॉर्क राज्यातल्या काही भागांत कचरा उचलत. १९९९ मध्ये करचुकवेगिरीत त्याला शिक्षा झालेली होती. पण गावात माणूस दिलदार म्हणून प्रसिद्ध. कुणाच्या घरी आजारपण आले, एखाद्या संस्थेला निधी हवा झाला, की हात सैल. असे लोक आपल्याही माहितीत आहेत, त्यामुळे जास्त वर्णन करत नाही.

२००४ मध्ये त्याने युनायटेड हॉकी लीगमध्ये नवा संघ घेतला आणि त्याचा अध्यक्ष व जनरल मॅनेजर म्हणून नेमला आपला मुलगा ए. जे. वय सतरा, नुकती शाळा संपलेली. स्वतःचे खेळणे दुखापतीने थांबलेले, कुस्तीच्या टीव्ही शोंचा नाद. संघाचे नाव ठेवले डॅनबरी ट्रॅशर्स. 'ट्रॅश' म्हणजे कचरा, म्हणजे बापाच्या धंद्याची सरळ जाहिरात. त्या काळात एनएचएलमध्ये, म्हणजे आइस हॉकीच्या सगळ्यात वरच्या लीगमध्ये, अटलांटा थ्रॅशर्स नावाचा संघ होता, त्यामुळे बाहेरच्या लोकांना आधी ही छपाईची चूक वाटे. चिन्ह होते दात-ओठ खाणारी कचराकुंडी, हातात हॉकी स्टिक. शुभंकराचे नाव स्क्रॅपी. नाव, चिन्ह, शुभंकर यांत या पोराने शंभरपैकी शंभर मिळवले हे मी मान्य करतो. आपल्या लीगांत वाघ, सिंह, किंग्ज आणि वॉरियर्स यांच्यापलीकडे कुणाची कल्पना जात नाही.

ही लीग कोणत्या पायरीवर होती ते सांगतो. सगळ्यात वर एनएचएल. तिच्याखाली एएचएल, मग ईसीएचएल, आणि त्याच्याही जरा खाली किंवा बरोबरीला ही युनायटेड लीग. १९९१ मध्ये कलोनियल हॉकी लीग म्हणून सुरू झाली, १९९७ मध्ये नाव बदलले, पण करंडकाचे नाव कलोनियल कपच राहिले. खेळाडूला आठवड्याला काही शे डॉलर, राहायला संघाची खोली, रात्रभर बसचा प्रवास आणि उन्हाळ्यात दुसरीकडे कुठेतरी काम. संघ येत आणि जात. कॅन्सस सिटी आउटलॉज एकच हंगाम टिकला, २००४-०५. रोआनोक व्हॅली वायपर्सही एकच, २००५-०६. मोटर सिटी मेकॅनिक्सने दोन काढले. या संघांवर कुणी व्हिडिओ काढत नाही, कारण ते निमूटपणे, पैसे संपून मेले.

ट्रॅशर्सचे नशीब असे की ते बर्फावर उतरले त्याच हिवाळ्यात एनएचएलला टाळे लागले. मालक आणि खेळाडू यांचे पगाराच्या कमाल मर्यादेवरून भांडण, आणि १६ फेब्रुवारी २००५ रोजी आयुक्त गॅरी बेटमन यांनी २००४-०५ चा अख्खा हंगामच रद्द केला. जगातले उत्तम खेळाडू रिकामे. त्यातला माइक रप डॅनबरीत येऊन खेळला. हा तोच, ज्याने २००३ च्या स्टॅनले कप, म्हणजे एनएचएलच्या करंडकाच्या, अंतिम फेरीच्या सातव्या सामन्यात न्यू जर्सी डेव्हिल्सचा विजयी गोल मारला होता. तो या तीन हजारांच्या मैदानावर! ब्रेंट ग्रेट्झकीही पहिल्या हंगामात होता, म्हणजे थोर वेन ग्रेट्झकीचा धाकटा भाऊ. दोन भावांनी मिळून एनएचएलमध्ये सर्वाधिक गुण (गोल आणि गोलाला केलेली मदत मिळून) मिळवण्याचा विक्रम या दोघांच्या नावावर आहे, त्यात वेनचे २८५७ आणि ब्रेंटचे ४. हा ब्रेंट पुढे कॅनडात ऑन्टॅरिओ प्रांताच्या पोलिसात भरती झाला. ट्रॅशर्समधून पोलिसात गेलेला माणूस, हा योगायोग तिथल्या लोकांना फार आवडतो.

पण गर्दी यायची ती गोलांसाठी नाही. आइस हॉकीत 'एन्फोर्सर' म्हणून एक गडी असतो. आपल्या चांगल्या खेळाडूला कुणी मुद्दाम पाडले तर त्याचा हिशेब चुकता करणे हे त्याचे काम. मी नंतरच्या एका संघाच्या सामन्यात हे जवळून पाहिले आहे. दोघे एकमेकांकडे बघतात, काहीतरी बोलतात, काठ्या टाकतात, मग हातमोजे. मोजे बर्फावर पडले की ती सही झाली. पंच लगेच मध्ये पडत नाहीत, दोन पावले मागे सरून पडलेल्या काठ्या बाजूला करत राहतात. एका हाताने समोरच्याचा शर्ट खांद्यापाशी घट्ट धरायचा, दुसऱ्याने मारायचे, कारण पायाखाली बर्फ आहे आणि शर्ट सोडला की आपणच पडणार. कुणीतरी खाली गेले की पंच दोघांच्या अंगावर झेप घेतात. दोघांना पाच-पाच मिनिटे कोपऱ्यातल्या खोक्यात. तिथे बसून दोघे टॉवेलने तोंड पुसतात आणि कित्येकदा काचेतून एकमेकांशी गप्पा मारतात.

ए. जे. ने असे गडी एक-दोन नाही, ओळीने भरले. ब्रॅड विंगफील्ड होता, रुमुन नडूर होता, दुसऱ्या हंगामात जॉन मिरास्टी आला, कॅनडातल्या सस्कॅचवानचा क्री आदिवासी, टोपणनाव 'नॅस्टी'. घरच्या प्रेक्षकांतला एक भाग, सेक्शन १०२, पाहुण्या संघाला इतक्या शिव्या घाली की तो क्रमांकच एक संस्था होऊन बसला. विंगफील्डचा पाय पहिल्याच हंगामात मोडला. शिट्ट्या वाजवणाऱ्यांना मोडलेला पाय लक्षात राहत नाही, म्हणून मुद्दाम लिहून ठेवतो.

आता पैशांकडे येतो.

युनायटेड लीगमध्ये प्रत्येक संघाच्या पगाराला वरची मर्यादा होती, हंगामाला साधारण २ लाख ७५ हजार डॉलर. अशी मर्यादा असते कारण लीग एका संघाने चालत नाही. समोर तोडीचे संघ लागतात, आणि छोट्या गावच्या मालकाकडे तेवढा पैसा नसतो. त्याला दोन वर्षे नुसता मार खाल्ला की तो दुकान बंद करतो, मग तिसऱ्या वर्षी तुम्ही कुणाशी खेळणार? आपल्या लिलावात प्रत्येक संघाला सारखे पॉइंट देतो ते ह्याच कारणाने. आणि लिलावात दहा हजार पॉइंटला गेलेल्या पोराला 'वरून' काय मिळाले याची कुजबुज गुणलेखकाच्या टेबलापर्यंत कशी पोचते, ते मला सांगायला लावू नका.

ट्रॅशर्सने प्रत्यक्षात खर्च केले मर्यादेच्या अडीच पटींहून जास्त, साडेसात लाख डॉलरच्या घरात. मार्ग आपल्या ओळखीचा. खेळाडूला संघाच्या पगारपत्रकावर थोडे दाखवायचे आणि उरलेले कचऱ्याच्या कंपनीच्या पगारपत्रकावरून द्यायचे. कधी खेळाडूच्या नावाने, कधी त्याच्या बायकोच्या नावाने. नोकरी कागदावर, कामावर कुणी जायचे नाही. घरभाड्याचे वेगळे. आणि लीगच्या कार्यालयाला मात्र मर्यादेत बसणारे आकडे पाठवायचे. खोटे आकडे तारेवरून, म्हणजे फॅक्स-ईमेलवरून, एका राज्यातून दुसऱ्या राज्यात गेले की अमेरिकेत तो केंद्र सरकारचा फौजदारी गुन्हा होतो. आपल्याकडे ज्याला 'अॅडजस्टमेंट' म्हणतात ती तिथे आरोपपत्रात आली.

तेवढ्यावरही भागले असते. पण मुळात हा पैसा कुठून येत होता? कनेक्टिकटातल्या कचरा उचलणाऱ्यांनी आपसात वाटणी केली होती. हे दुकान तुझे, ते हॉटेल माझे. एकाच्या गिऱ्हाइकाला दुसऱ्याने कमी दर सांगायचा नाही. कुणी सांगितलाच, तर त्याला समजावायला माणसे होती. टेंडरात 'रिंग' करणे म्हणजे काय हे ज्यांना माहीत आहे त्यांना पुढचे सांगायची गरज नाही. दर फुगत गेले, आणि ते भरले डॅनबरीतल्याच दुकानदारांनी, हॉटेलवाल्यांनी, शाळांनी. ही व्यवस्था टिकवायला वरचा हात लागतो. तो होता न्यूयॉर्कच्या जिनोव्हीज या माफिया घराण्याचा म्होरक्या मॅथ्यू इयानिएलो, 'मॅटी द हॉर्स'. त्याला दर तीन महिन्यांनी ३० हजार डॉलर पोचते होत.

राजकारणी नाही असे कसे होईल? राज्याच्या सिनेटमधले विरोधी पक्षाचे नेते लुई डीलुका यांनी नातजावयाला दम भरायला गलांटेची मदत मागितली. २००७ मध्ये त्यांनी न्यायालयात गुन्हा कबूल केला आणि वर्ष संपायच्या आत आमदारकी सोडली.

तर शनिवारी रात्री सेक्शन १०२ मध्ये उभा राहून जो दुकानदार 'वाहवा मालक' म्हणून ओरडत होता, त्याचेच पैसे आठवडाभर कचऱ्याच्या बिलातून त्या बर्फावर येत होते. तिकिटाचे वेगळे. या दुकानदाराबद्दल मला हसू येत नाही, कारण मीही त्याच्याच जागी उभा राहून ओरडलो असतो.

२००५ च्या जुलैत एफबीआयने गलांटेच्या कार्यालयांवर छापे घातले. संघ तरी दुसऱ्या हंगामाला उतरला, आणि खेळला अफाट चांगला. नुसते मारामारीवाले म्हणून ज्यांना हिणवले ते कलोनियल कपच्या अंतिम फेरीत गेले. तिथे कॅलामझू विंग्जने त्यांना हरवले. हे २००६ च्या वसंतात. जूनमध्ये अटका झाल्या, गलांटेसह एकोणतीस माणसांवर आणि दहा कंपन्यांवर आरोपपत्र आले. तिसरा हंगाम झालाच नाही. ट्रॅशर्सचे आयुष्य एवढेच. उपविजेता संघ, भरलेले स्टेडियम, खपणारे टी-शर्ट, आणि तरी एका अटकेसरशी सगळे गुंडाळले गेले.

खटला बापावर चालला. २००८ मध्ये त्याने गुन्हे कबूल केले, त्यात संघाच्या पगाराचा घोटाळाही होता. न्यायाधीश एलन ब्री बर्न्स यांनी ८७ महिन्यांची शिक्षा दिली. पंचवीसच्या आसपास कंपन्या सरकारजमा झाल्या आणि मध्यंतरी काही काळ डॅनबरीचा कचरा चक्क अमेरिकेच्या मार्शलांच्या देखरेखीखाली उचलला गेला. गलांटेला कचऱ्याच्या धंद्यात परत पाऊल टाकायला बंदी झाली. ए. जे. पुढे गावातच मुष्टियुद्धाच्या क्षेत्रात गेला आणि मुले घडवू लागला.

आता तुमच्यातले काही म्हणतील, आमच्या लीगमध्ये कुठला माफिया? नसेल. पण आपल्या फ्लेक्सवरचे धंदे एकदा वाचा. वाळू, मुरूम, प्लॉटिंग, बार, आणि नगरपालिकेच्या घंटागाड्यांचा ठेका. यातला कुठलाही धंदा मुळात वाईट नाही. मला एवढेच दिसते की आपल्या संघांचा पैसा ज्या खिशातून येतो त्या खिशाकडे कधीही, कुणाचीही नोटीस येऊ शकते. बिल अडकू शकते, निवडणूक हरू शकते, भावाभावांत वाटण्या होऊ शकतात. डॅनबरीला एफबीआय लागली. आपल्याकडे मार्चअखेर पुरते.

दुसरे काही म्हणतील, त्याने खेळाडूंना तरी चांगले पैसे दिले. या मुद्द्याला माझ्याकडे सोपे उत्तर नाही. काही शे डॉलरवर हाडे मोडून घेणाऱ्या पोरांना कुणी जास्त दिले तर ते मला वाईट वाटत नाही. त्या संघातले खेळाडू आजही मालकाबद्दल प्रेमाने बोलतात आणि ते खोटे बोलत आहेत असे मला वाटत नाही. पण ते पैसे त्यांना हक्काने मिळत नव्हते. करारात एक आकडा, हातात दुसरा. उद्या तो हात आखडला तर दाद कुठे मागणार? न्यायालयात जाऊन 'मी न केलेल्या नोकरीचा पगार राहिला' असे सांगणार? आपल्याकडे 'वरून' ठरलेले पैसे बुडालेली पोरे मी पाहिली आहेत. ती आयोजकांकडे जात नाहीत, कारण तक्रार लिहायची म्हटले तर कागदावर काहीच नसते. पुढच्या वर्षी दुसऱ्या संघाकडे नाव देतात आणि गप्प बसतात.

आणि मर्यादा मोडल्याने बाकीच्या संघांचे काय झाले, हे तर व्हिडिओत कुणी विचारतच नाही. ट्रॅशर्स संपले त्याच उन्हाळ्यात त्या लीगमधले आणखी काही संघ संपले, न्यूयॉर्क राज्यातला अॅडिरॉन्डॅक फ्रॉस्टबाइटही त्यातलाच. त्याला गलांटे जबाबदार होता असे मी म्हणणार नाही, त्या पायरीवर संघ मरतच असतात. पण अडीच पट पैसे ओतणाऱ्या शेजाऱ्यासमोर प्रामाणिकपणे मर्यादेत खेळणाऱ्याची काय पत राहते?

त्याच लीगमध्ये फोर्ट वेन कॉमेट्स होता. इंडियाना राज्यातला, १९५२ पासूनचा. लीग बदलल्या, बुडाल्या, हा संघ एका लीगमधून दुसरीत जात राहिला आणि आजही ईसीएचएलमध्ये खेळतो. १९९० पासून तो फ्रँके बंधूंकडे आहे, म्हणजे मालक तिथेही खाजगीच. फरक एवढा की संघाचा धंदा संघ हाच आहे. तिकीट, जाहिरात, टोप्या-शर्ट यांतून जे येते त्यातच घर चालते. याच्यावर कुणी दीड मिनिटाचा व्हिडिओ काढणार नाही. वर्षानुवर्षे संघ निमूट चालू ठेवला, यात दाखवणार काय?

डॅनबरीचे पुढे काय झाले तेही सांगतो. मैदान राहिले. २००८-०९ मध्ये मॅड हॅटर्स नावाचा संघ आला, एका हंगामात लीगसकट बुडाला. २०१० मध्ये व्हेलर्स आले, पाच वर्षे टिकले. मग टायटन्स, दोन वर्षे. २०१९ पासून हॅट ट्रिक्स आहेत, आणि २०२३ मध्ये त्यांनी आपल्या लीगचा करंडकही जिंकला. सेक्शन १०२ मधले लोक प्रत्येक वेळी नवे रंग घालून आले. लोक टिकले, बर्फ टिकला. नाव, चिन्ह, विक्रम, चषकांचे कपाट, हे मात्र दर वेळी मालकासोबत गेले. ट्रॅशर्सच्या दोन हंगामांतला एकही आकडा आजच्या संघाच्या नावावर लागत नाही.

हे पुणेकरांना नवे नाही. आयपीएलमध्ये २०१० साली ३७ कोटी डॉलर मोजून घेतलेले पुणे वॉरियर्स तीन हंगामांत संपले, कारण मालक कंपनी आणि क्रिकेट मंडळ यांचे पैशावरून फाटले. रायझिंग पुणे सुपरजायंट तर जन्मालाच दोन वर्षांचे आयुष्य घेऊन आला आणि २०१७ चा अंतिम सामना एका धावेने हरून गेला. फुटबॉलमध्ये शिवाजियन्स हा जुना क्लब एका बांधकाम समूहाने घेतला, आय-लीगमध्ये दोन हंगाम खेळवला आणि खेळ आटोपला. एफसी पुणे सिटी २०१९ मध्ये गेला, त्याची जागा हैदराबादला मिळाली. बालेवाडीत नारंगी शर्ट घालून ढोल वाजवणाऱ्या ऑरेंज आर्मीला कुणी विचारलेही नाही. या सगळ्यांत गुन्हेगारी होती असे अजिबात म्हणायचे नाही. म्हणायचे हे की प्रत्येक ठिकाणी संघाच्या स्वतःच्या नावावर काहीच नव्हते.

आयोजक मंडळी, तुम्ही मालक बदलू शकत नाही हे मला कळते. पैसा जिथे आहे तिथूनच येणार. पण लीगचे नियम तुमच्या हातात आहेत, आणि ते अजून वहीच्या शेवटच्या पानावर पेन्सिलने लिहिलेले आहेत. संघाचे नाव आणि चिन्ह मालकाच्या नावे न ठेवता गावच्या क्रीडा मंडळाच्या नावे नोंदवा. मालक ते हंगामापुरते वापरेल, सोडून गेला तर नाव, विक्रम आणि चषक गावातच राहतील, पुढचा मालक तेच नाव पुढे नेईल. याला एक रुपया लागत नाही, फक्त मालकाचा अहंकार थोडा दुखेल.

खेळाडूंचे जे काही मानधन ठरेल ते सगळे, वरचे-खालचे धरून, पहिला चेंडू पडण्याआधी लीगच्या खात्यात जमा करून घ्या. ज्याच्याकडे हंगामाआधी पैसे नाहीत त्याच्याकडे हंगामानंतर कुठून येणार? मर्यादा कमी वाटत असेल तर ती उघडपणे वाढवा, सगळ्यांसाठी. आणि विम्याचे बघा. टेनिस बॉल आहे, काय होतंय, असे म्हणता म्हणता दर हंगामात कुणाचा तरी गुडघा जातो, कुणाचे बोट, एखाद्याचा डोळा. विंगफील्डकडे निदान बर्फावर उतरण्याचा करार होता. आपल्या पोरांकडे तेवढेही नसते, पॅकिंगच्या कंपनीतली रोजंदारी बुडवून ती आलेली असतात.

व्हिडिओ पुढे पाठवायचा असेल तर जरूर पाठवा. मारामाऱ्या बघायला मलाही आवडल्या, खोटे कशाला बोलू. पण लिलावाच्या आमंत्रणाला तो जोडू नका.

त्याऐवजी आमंत्रणावर एक ओळ छापा: कोणत्या संघाने खेळाडूंच्या मानधनाची रक्कम कोणत्या तारखेला लीगच्या खात्यात भरली. मालकाच्या फोटोखाली भरपूर जागा असते, तिथे बसेल. ज्या लीगच्या पत्रकावर ती ओळ नसेल, तिथे गुणलेखनाची वही यंदा मी हातात घेणार नाही. ओळखीच्या आणखी गुणलेखकांशी आणि पंचांशी माझे बोलणे चालू आहे. त्यांतले काही तयार आहेत, काही मानधन बुडेल म्हणून कचरतात, आणि त्यांचेही मागच्या हंगामाचे येणे अजून बाकी असल्यामुळे त्यांना दोष देता येत नाही. तेही याच पत्रात मागून घेतो.

कळावे,
आपला,
एक गुणलेखक